मूळव्याध: आजाराचं नाव की जागेचं?

एका ताईंनी विचारलेला प्रश्न थोडक्यात असा. त्यांचे वडील ५८ वर्षांचे, गावी शेती करतात. घरात त्यांच्या आजाराचे दोन कागद आहेत. २०१९ सालच्या वैद्यांच्या चिठ्ठीवर 'अर्श' एवढंच लिहिलंय. गेल्या महिन्यात तालुक्याच्या दवाखान्यातून मिळालेल्या कागदावर 'क्रॉनिक फिशर-इन-ॲनो विथ सेंटिनल पाइल, एचबी ८.४, ॲडव्हाइज्ड कोलोनोस्कोपी' अशी ओळ आहे. (एचबी म्हणजे हिमोग्लोबिन; कोलोनोस्कोपी म्हणजे गुदद्वारातून दुर्बिणीची नळी घालून मोठं आतडं बघणं.) बाबा म्हणतात, "मला मूळव्याध आहे, जुनीच आहे, त्यासाठी नळी घालून बघायचं काही कारण नाही." ताई विचारतात: हे सगळे शब्द एकाच आजाराचे का? मराठीत सरसकट मूळव्याध म्हटलं तर काय बिघडतं? आणि मेडिक्लेमच्या फॉर्मवर काय लिहायचं?

मी जनरल सर्जन आहे. सोलापूर जिल्ह्यातल्या एका तालुक्याच्या गावी २४ वर्षं दवाखाना चालवते. ओपीडीत दिवसाकाठी पाच-सहा जण तरी "मॅडम, मूळव्याध आहे" असं म्हणत आत येतात. तपासल्यावर त्यातल्या बऱ्याच जणांना मूळव्याध नसतेच, दुसरंच काहीतरी असतं. म्हणून हे उत्तर लांबलं तरी चालेल असं ठरवून लिहितेय. ताई, तुमच्या कागदांवरचे शब्द एकाच आजाराचे नाहीत. 'काय बिघडतं' याचं उत्तर शब्दांच्या वाटेनंच द्यावं लागेल.

'मूळव्याध' या शब्दात आजार कसा दिसतो, काय होतं, याबद्दल काहीच सांगितलेलं नाही. मूळ म्हणजे धडाचा तळ, बुंधा. तिथली व्याधी ती मूळव्याध. म्हणजे हे नाव जागेवरून पडलंय. आपल्या दक्षिणेकडच्या शेजाऱ्यांनीही हेच केलंय. कन्नडमध्ये मूलव्याधी, तमिळमध्ये मूलम्, मल्याळममध्ये मूलक्कुरू. अक्कलकोटकडच्या कन्नड बोलणाऱ्या आज्या माझ्याकडे येतात, तेव्हा या एका शब्दापुरता तरी दुभाषा लागत नाही. हिंदी-उर्दू बोलणारे मात्र 'बवासीर' म्हणतात, तो शब्द अरबीतून आलाय.

जागेवरून पडलेल्या नावाचं एक होतं. त्या जागी जे काही होईल ते सगळं त्या नावाखाली जाऊन बसतं. रक्त पडलं, मूळव्याध. आग झाली, मूळव्याध. गाठ आली, पू आला, खाज सुटली, मूळव्याध. गुदद्वाराची तक्रार चारचौघांत कशी सांगायची हा संकोच असतोच, आणि हा शब्द त्यातल्या त्यात सभ्य. तो उच्चारला की पुढचं काही सांगावं लागत नाही. सुनेला सासऱ्याचं, मुलाला आईचं दुखणं डॉक्टरला सांगता येतं ते याच शब्दाच्या आधारानं. त्याबद्दल माझी काही तक्रार नाही. मात्र डॉक्टरसमोरच्या खुर्चीत बसल्यावरही गाडी या शब्दापाशीच थांबते, तिथून अडचण सुरू होते.

'अर्श' हा शब्द याच्या अगदी उलट आहे. तो जागेवरून नाही, जे दिसतं त्यावरून पडलेला आहे. अर्श म्हणजे मांसाचा अंकुर. सुश्रुतांनी गुदातल्या अर्शासोबत नाकातले, कानातलेही अर्श सांगितलेत. नाकात वाढणाऱ्या मांसाला वैद्य आजही नासार्श म्हणतात. चरकांनी मात्र हा शब्द गुदापुरताच ठेवावा असं मत मांडलंय. म्हणजे कुठला शब्द कुठपर्यंत ताणायचा हा वाद आजचा नाही. अष्टांगहृदयात अर्शाची फोड दिलीय ती 'अरि', म्हणजे शत्रू, या शब्दाशी जोडून: शत्रूसारखा वाट अडवून छळतो तो अर्श. सुश्रुतांनी ज्या आठ आजारांना महागद, म्हणजे बरे करायला अवघड असे मोठे आजार म्हटलं, त्यांत अर्शही आहे आणि भगंदरही. अर्शावर त्यांनी चार उपाय सांगितले: औषध, क्षार, अग्नी आणि शस्त्र. आणि हे क्रमानं, आजार कितपत वाढलाय ते पाहून. आज मी गोळ्या, इंजेक्शन, रबर बँड, ऑपरेशन अशी पायरी-पायरीनं चढते, तेव्हा तो क्रम आठवतो.

यात आपल्या बोलीतला एक शब्द मला फार आवडतो, तो म्हणजे 'मोड'. मटकीला मोड येतात तोच हा मोड. 'मोड आलाय', 'कोंब बाहेर येतो' असं पेशंट म्हणतो, तेव्हा तो नकळत 'मांसांकुर' या जुन्या शब्दाचं मराठीच करत असतो. डॉक्टरच्या दृष्टीनं 'मोड बाहेर येतो आणि बोटानं आत ढकलावा लागतो' हे वाक्य 'मला मूळव्याध आहे' यापेक्षा कितीतरी कामाचं आहे. या एका वाक्यावरून आजार कितव्या पायरीवर आहे ते कळतं.

आता इंग्रजी नावं. 'हेमोरॉइड' हा मुळात ग्रीक शब्द, रक्त वाहणं या अर्थाचा. म्हणजे हे नाव लक्षणावरून. 'पाइल्स' आलं लॅटिनमधल्या चेंडू या अर्थाच्या शब्दावरून. म्हणजे हे आकारावरून. पण खरी मूळव्याध म्हणजे काय, याचा आजचा उलगडा तसा अलीकडचा आहे. पूर्वी पायांवर फुगलेल्या शिरा येतात तसाच हा प्रकार समजला जायचा. १९७५ मध्ये थॉमसन या ब्रिटिश सर्जननं दाखवून दिलं, की गुदमार्गाच्या आत प्रत्येकालाच रक्तवाहिन्यांनी भरलेल्या मऊ गाद्या असतात, बहुतेकांत तीन. त्या झाकणाला लावलेल्या रबरासारखं काम करतात; वारा, पाणी धरून ठेवायला त्यांची मदत होते. वर्षानुवर्षं कुंथून, बद्धकोष्ठानं, गरोदरपणातल्या दाबानं या गाद्यांना धरून ठेवणारे धागे सैल होतात आणि गाद्या खाली घसरतात. घसरलेली, सुजलेली, खरचटून रक्त देणारी गादी म्हणजे मूळव्याध. बाहेरून काही उगवलेलं नसतं, आपलंच जागचं हललेलं असतं.

या गाद्यांच्या जागा आम्ही घड्याळाच्या काट्यांवर लिहितो: ३, ७ आणि ११. पेशंट पाठीवर झोपलेला धरायचा आणि १२ चा आकडा पुढच्या बाजूला समजायचा. एका मुलीनं डिस्चार्ज कार्डावरच्या '३, ७, ११ ओ क्लॉक' या नोंदीप्रमाणे आईला महिनाभर त्या वेळांना मलम लावलं होतं. मुलगी शिकलेली होती. चूक तिची नव्हती, ते कार्ड तिला कुणी समजावून सांगितलं नव्हतं.

आता जे सांगतेय त्यावर बाकीचं सगळं उभं आहे. गुदमार्गात एक दातेरी कडा असते. तिच्या वरच्या भागाला आपल्या कातडीसारखी वेदना कळत नाही, खालच्या भागाला फार कळते. आतली मूळव्याध त्या कडेच्या वर असते. म्हणून तिचं रक्त पडतं, कधी थेंबथेंब, कधी पिचकारीसारखं, लालभडक, पण सहसा दुखत नाही. "डॉक्टर, मूळव्याध इतकी दुखतेय की बसवत नाही" असं कुणी म्हटलं की माझ्या मनात पहिल्यांदा मूळव्याध येतच नाही. येतं फिशर. नाहीतर बाहेरच्या शिरेत रक्ताची गुठळी होऊन एका रात्रीत आलेली जांभळी, द्राक्षाएवढी गाठ. किंवा आत साचलेला पू. मूळव्याध दुखते ती मुख्यतः बाहेर येऊन अडकली, घट्ट आवळली गेली, तर.

फिशर म्हणजे चीर. कडक मळाचा खडा जाताना गुदद्वाराच्या कडेची नाजूक कातडी फाटते, बहुतेक वेळा पाठीमागच्या बाजूला, मधोमध. संडासला बसल्यावर सुरी फिरल्यासारखं वाटतं आणि नंतर तासन्‌तास आग होत राहते. आयुर्वेदात याला परिकर्तिका म्हणतात: चहूबाजूंनी कातरल्यासारखं दुखणं. जागा, आकार, रक्त हे काहीच न सांगता नेमकी वेदनाच सांगणारं इतकं अचूक नाव मला दुसरं माहीत नाही. आपल्याकडे काही बायका 'चिरा पडल्यात' म्हणतात, तेही उत्तम. दुखतं म्हणून माणूस संडासला जायचं टाळतो, टाळल्यानं मळ आणखी कडक होतो, तो पुन्हा चीर उघडतो, आणि त्या दुखण्यानं आतला स्नायू आवळून बसतो. आवळलेल्या स्नायूमुळे त्या जागी रक्तपुरवठा कमी होतो, म्हणून चीर भरत नाही. सहा-आठ आठवड्यांवर गेलं की ते 'क्रॉनिक'. ताजं फिशर बहुतेकदा भरपूर पाणी, इसबगोल, कोमट पाण्याच्या टबात बसणं आणि स्नायू सैल करणारं मलम यांवर बरं होतं.

जुन्या चिरेच्या बाहेरच्या टोकाला कातडीचा एक लोंबता तुकडा तयार होतो. आता तुमच्या कागदावरचे ते दोन शब्द पाहू: 'सेंटिनल पाइल'. सेंटिनल म्हणजे पहारेकरी. चिरेच्या तोंडाशी उभा असलेला पहारेकरी, म्हणून हे नाव. पण 'पाइल' हा शब्द तिथे चुकीचाच चिकटलाय. ती मूळव्याध नाही. तिथे गादी नाही, रक्तवाहिन्यांचा पुंजका नाही, नुसती कातडी आहे. म्हणून अनेक सर्जन आता 'सेंटिनल टॅग' लिहितात, मीही तेच लिहिते. जुन्या सवयीनं 'पाइल' लिहिलं जातं, घरातलं कुणीतरी ते वाचतं, 'पाइल म्हणजे पाइल्स, पाइल्स म्हणजे मूळव्याध' असा अर्थ लावतं, आणि बाबांचं म्हणणं कागदावर सिद्ध झाल्यासारखं वाटतं. ताई, तुमच्या घरी नेमकं हेच झालंय. त्या कागदावर मूळव्याध कुठेही लिहिलेली नाही.

मग २०१९ ची चिठ्ठी चूक होती का? तसं म्हणता येणार नाही. तेव्हा अर्श असेलही. एकाच माणसाला दोन्ही होऊ शकतं, कारण दोन्हींच्या मुळाशी बद्धकोष्ठ आणि कुंथणं आहे. पण २०१९ च्या नावानं २०२० नंतरची प्रत्येक तक्रार झाकता येत नाही.

भगंदराबद्दल थोडं सांगते, कारण ही गल्लत मला जवळजवळ रोज भेटते. गावाकडे त्याला कुणी भगेंद्र म्हणतं, कुणी नासूर. गुदमार्गाच्या आतल्या बारीक ग्रंथीत जंतू शिरतात, पू होतो, तो पू वाट काढत बाजूच्या कातडीत फुटतो आणि आत-बाहेर अशी एक बोगद्यासारखी वाट कायमची राहते. पुळी येते, फुटते, बरं वाटतं, महिन्या-दोन महिन्यांनी त्याच जागी परत येते. सुश्रुतांनी हे एका ओळीत सांगितलंय: पिकलेली नाही तोवर पिडका, म्हणजे पुळी, पिकून फुटली की भगंदर. आजच्या पुस्तकातही गळू आणि फिस्टुला (भगंदराचं इंग्रजी नाव) या एकाच आजाराच्या दोन अवस्था मानल्या जातात. त्यांनी भगंदराचे पाच प्रकार केले, त्यातला एक उष्ट्रग्रीव, उंटाच्या मानेसारखा. असं नाव सुचायला माणसानं किती पेशंट, किती बारकाईनं पाहिले असतील!

भगंदराला 'मूळव्याध' म्हणण्याचा तोटा असा, की लोक वर्षानुवर्षं मूळव्याधीचं औषध घेत राहतात आणि बोगदा फांद्या फोडत राहतो. गोळ्या-मलमानं तो बुजत नाही. त्यासाठी ऑपरेशन किंवा क्षारसूत्र लागतं. क्षारसूत्र म्हणजे निवडुंगाचा चीक, आघाड्याचा क्षार आणि हळद यांची पुटं दिलेला दोरा. तो बोगद्यातून ओवतात आणि आठवड्याला बदलतात. भारतीय आयुर्विज्ञान संशोधन परिषदेनं त्याची ऑपरेशनशी रीतसर तुलना केली आणि १९९१ मध्ये निष्कर्ष छापले. भरायला क्षारसूत्रानं ८ आठवडे लागले, ऑपरेशननं ४. पण पुन्हा उद्भवण्याचं प्रमाण क्षारसूत्रात ४ टक्के, ऑपरेशनमध्ये ११ टक्के. मी स्वतः ॲलोपॅथीची, तरी माझे काही पेशंट मी प्रशिक्षित वैद्यांकडे पाठवते. आणि हो, भगंदर पुन्हा पुन्हा होत असेल, सोबत वजन घटत असेल, तर आपल्या देशात टीबीचा विचार केलाच पाहिजे.

माकडहाडापाशी, दोन नितंबांच्या फटीत केस रुतून पू होतो, त्याला पायलोनायडल सायनस म्हणतात. दुसऱ्या महायुद्धात जीपमध्ये तासन्‌तास बसणाऱ्या अमेरिकी सैनिकांना तो इतका झाला, की त्याला 'जीप डिसीज' असं नाव पडलं. तो गुदाचा आजारच नाही, पण येतो तोही मूळव्याध म्हणूनच. 'अंग बाहेर येतं' ही आणखी एक फसवी तक्रार. बायका हे गर्भाशयाबद्दलही म्हणतात आणि गुदाबद्दलही. पुढच्या जागेतून की मागच्या, हे विचारल्याशिवाय पुढे जाऊ नये.

आता 'रेक्टल' हा शब्द. आत्तापर्यंत जे सांगितलं ते बहुतेक शेवटच्या चार-एक सेंटीमीटरच्या गुदमार्गातलं होतं. त्याच्या वर साधारण १२ ते १५ सेंटीमीटरचा गुदाशय असतो, तो 'रेक्टम'. लॅटिनमध्ये या शब्दाचा अर्थ सरळ; माणसाचा गुदाशय मात्र माकडहाडाच्या बाकाप्रमाणे वळलेला असतो. रिपोर्टवर 'ॲनल' आणि 'रेक्टल' हे वेगळे शब्द येतात, ते वेगळेच वाचायला हवेत. 'प्रोक्टायटिस' म्हणजे गुदाशयाच्या अस्तराची सूज. त्यात रक्तासोबत शेंब पडते, दिवसातून दहा वेळा जावंसं वाटतं आणि जाऊन काही होत नाही.

यातला एक शब्द मी कधीही कुणाला स्वतःच्या मनानं मराठीत आणू देणार नाही. तो म्हणजे 'ग्रोथ'. 'रेक्टल ग्रोथ' हे शब्द घरी वाचले जातात 'गुदाशयात वाढ', आणि वाढ म्हटलं की काही वाईट वाटत नाही. पोराची वाढ होते, पिकाची होते. आम्ही डॉक्टर 'ग्रोथ' लिहितो तेव्हा आमच्या मनात कॅन्सरची शंका असते. तुकडा तपासून येईपर्यंत तो शब्द लिहायला हात धजत नाही, म्हणून हा आडोशाचा शब्द. हा आडोसा आमच्या सोयीचा आहे आणि तो मोडला पाहिजे. मी आता कागदावर मराठीत लिहिते: 'गुदाशयात गाठ आहे, ती साधी आहे की कॅन्सरची हे तुकडा तपासल्यावर कळेल, तपासणी आठ दिवसांत करा.'

हे मी शिकले ती गोष्ट सांगते. माझ्या प्रॅक्टिसच्या तिसऱ्या वर्षी पन्नाशीच्या एक मावशी आल्या. आधीच्या दोन चिठ्ठ्यांवर 'पाइल्स' होतं. त्याही म्हणाल्या, "जुनी मूळव्याध आहे, पोरी, औषध दे." बाई डॉक्टर म्हणून मुद्दाम माझ्याकडे आल्या होत्या. तरी तपासायचं म्हटल्यावर त्यांनी पदर तोंडाला लावला आणि मान हलवली. मी आग्रह केला नाही. इसबगोल आणि मलम लिहून दिलं. पाच महिन्यांनी त्या परत आल्या, तेव्हा सुनेनं हाताला धरून आत आणलं. या वेळी बोट घालून तपासलं आणि अर्ध्या मिनिटात टोकाला तो दगडासारखा कडक, खडबडीत काठ लागला. गाठ बोटाच्या टप्प्यात होती, म्हणजे पाच महिन्यांपूर्वीही मला ती लागली असती. मोठ्या रुग्णालयात त्यांचं ऑपरेशन झालं आणि पोटावर मळासाठी कायमची पिशवी आली. मावशींनी माझ्यापासून काही लपवलं नव्हतं. त्यांनी मला एक शब्द दिला, मी तो तपासल्याशिवाय घेतला. त्या दिवसानंतर 'रक्त पडतं' म्हणणारा एकही पेशंट मी न तपासता परत पाठवलेला नाही. थांबते, समजावते, नर्सला सोबत उभं करते, पण तपासते.

आपल्या देशात गुदाशयाचा कॅन्सर तिशी-चाळिशीतल्या माणसांतही दिसतो आणि बरेच जण आमच्यापर्यंत उशिरा पोचतात. तो लवकर सापडला तर बरा होण्यासारखा आहे, अनेकदा पिशवीशिवायही. उशीर होण्याची कारणं पुष्कळ आहेत, पण 'मूळव्याधच आहे' हे वाक्य त्यात वारंवार ऐकू येतं. ताई, तुम्ही विचारलंत काय बिघडतं. हे बिघडतं.

म्हणून डॉक्टरकडे जाताना आजाराचं नाव घरी ठेवून जा आणि तक्रार घेऊन जा. रक्त कसं पडतं? मळ झाल्यावर वरून थेंबथेंब, की मळाला एका बाजूनं रेघ लागलेली, की मळात मिसळलेलं, शेंबेसोबत? लालभडक की गडद? डांबरासारखा काळा, चिकट मळ असेल तर रक्त वरून, जठराकडून येत असू शकतं. लोहाच्या गोळ्यांनीही मळ काळा होतो, तेव्हा गोळ्या चालू असतील तर तेही सांगा. दुखतं का, आणि दुखतं तर जाताना की नंतर? काही बाहेर येतं का, आपोआप आत जातं की ढकलावं लागतं? पू, पाणी, ओलसरपणा? जाऊन आल्यावरही पोट साफ झालं नाही असं वाटून पुन्हा पुन्हा कुंथावं लागतं का? मळाची सवय गेल्या काही महिन्यांत बदलली का? वजन उतरलं का? घरात कुणाला आतड्याचा कॅन्सर झाला होता का? 'परसाकडला गेलं की आग होते' अशा साध्या भाषेत सांगितलंत तरी पुरे.

'एका इंजेक्शनमध्ये मूळव्याध मुळासकट' असे फलक एसटी स्टँडच्या भिंतींवर दिसतात. मूळव्याधीवर इंजेक्शन हा खरा उपाय आहे, सुरुवातीच्या पायऱ्यांवर मीही देते. पण तपासणी न करता कसलं तरी दाहक औषध टोचल्यानं सडलेली जागा, आकसून बोटही न शिरणारं गुदद्वार मी पाहिलंय. त्या फलकांवर मूळव्याध, फिशर, भगंदर हे तिन्ही शब्द एका ओळीत असतात आणि उपाय एकच असतो. तीन वेगळ्या आजारांवर एकच उपाय सांगणाऱ्यानं तपासलेलं नसतं, एवढं त्यावरून ओळखावं.

मेडिक्लेमचं. अनेक पॉलिसींमध्ये मूळव्याध, फिशर आणि भगंदर यांना सुरुवातीचा प्रतीक्षा काळ असतो, बहुतेकदा दोन वर्षं. तुमच्या पॉलिसीत किती ते नीट वाचा. फॉर्मवर घरातला शब्द लिहू नका आणि काही लपवूही नका. कागदावर आहे तेच लिहा: '२०१९ मध्ये अर्शासाठी आयुर्वेदिक औषधं, यंदा क्रॉनिक फिशरचं निदान, हिमोग्लोबिन ८.४, कोलोनोस्कोपीचा सल्ला'. दोन्ही कागदांच्या प्रती जोडा. 'मूळव्याध' असं मोघम लिहिलंत आणि पुढे दुसरंच निदान निघालं, तर त्या एका शब्दावरून दाव्यात विनाकारण वाद होऊ शकतो.

आता त्या ओळीतला आकडा, ज्याबद्दल तुम्ही विचारलंच नाहीत. एचबी ८.४. पुरुषाचं हिमोग्लोबिन १३ च्या वर असायला हवं. फिशरचं रक्त म्हणजे मळावरची एक रेघ, कागदावरचा एखादा डाग. त्यानं ५८ वर्षांच्या, घरचं खाणाऱ्या माणसाचं हिमोग्लोबिन ८.४ वर येत नाही. जुनी, भळभळणारी मूळव्याध ते खाली आणू शकते, पण तुमच्या कागदावर तशी मूळव्याध लिहिलेली नाही. म्हणजे बाबांचं रक्त आणखी कुठूनतरी जातंय, किंवा तयारच होत नाहीये. ते शोधायला कोलोनोस्कोपी सांगितलीय, फिशरसाठी नाही. ज्या डॉक्टरनं ती ओळ लिहिली त्यानं विचार करून लिहिलीय. कदाचित जठराची दुर्बीण आणि रक्तातल्या लोहाची तपासणीही सांगतील. सगळं साधंच निघेल अशी शक्यता बरीच आहे, पण ते बघितल्यावरच म्हणता येईल.

बाबांना भीती दुखण्याची असेल, तर त्यांना हे सांगा. आदल्या दिवशी पातळ खायचं, पोट साफ करणारी पावडर पाण्यातून घ्यायची. तो दिवस त्रासाचा जातो, हे खरं. तपासणी स्वतः अर्ध्या-पाऊण तासाची. फिशर दुखरं असल्यानं भूल देऊनच करा असं आधीच सांगून ठेवा, म्हणजे कळणारही नाही. रक्त पातळ करायच्या गोळ्या किंवा मधुमेहाची औषधं चालू असतील तर तारीख घेतानाच डॉक्टरांच्या कानावर घाला. घरी न्यायला सोबत एक माणूस हवा, त्या दिवशी मोटरसायकल चालवायची नाही. तारीख पंधरा दिवसांच्या आतली घ्या, सुगी उरकण्याची वाट बघू नका. आणि जाताना २०१९ ची ती चिठ्ठी बरोबर न्या. वैद्यांच्या चिठ्ठीवर बऱ्याचदा कोपऱ्यात वजन लिहिलेलं असतं. ते असेल तर बाबांच्या आजच्या वजनाशेजारी ठेवून डॉक्टरांना दाखवा.